मूठ, टन आणि फी : नीराकाठच्या वसतिगृहांचा प्रवास

इंग्लंडमधील खासगी निवासी शाळांच्या फीवर २०२५ पासून कर लागू झाला आणि ‘या शाळा नेमक्या कोणासाठी?’ हा तेथील जुना प्रश्न पुन्हा ऐरणीवर आला. बारामती-इंदापूरच्या ऊसपट्ट्यातही हा प्रश्न फार दिवस टाळता येणार नाही. येथील वसतिगृहांची परंपरा शेतकऱ्याच्या मुलासाठी सुरू झाली. त्याच उसाची तोड करणाऱ्यांच्या मुलांना तिच्यात जागा आहे काय, याचा हा विचार.

इंग्लंडच्या ग्रामीण भागात, विस्तीर्ण कुरणांच्या मधोमध उभ्या असलेल्या जुन्या निवासी शाळा हा त्या देशाच्या अभिमानाचा आणि तितक्याच वादाचा विषय आहे. तेथील मजूर पक्षाच्या सरकारने १ जानेवारी २०२५ पासून खासगी शाळांच्या फीवर वीस टक्के मूल्यवर्धित कर आकारण्यास सुरुवात केली. पाठोपाठ एप्रिलपासून, धर्मादाय संस्था म्हणून या शाळांना स्थानिक करात मिळणारी सवलतही काढून घेतली. या पैशातून सरकारी शाळांसाठी साडेसहा हजार शिक्षक नेमता येतील, असे सरकारचे म्हणणे. पोटाला चिमटा काढून मुलांना या शाळांत घालणारा मध्यमवर्ग यात भरडला जाईल आणि लहान शाळा बंद पडतील, असे शाळांचे आणि पालकांचे म्हणणे. प्रकरण न्यायालयात गेले आणि जून २०२५ मध्ये लंडनच्या उच्च न्यायालयाने पालकांची व शाळांची आव्हाने फेटाळली.

या वादात एक ऐतिहासिक विसंगती दडलेली आहे. विंचेस्टरची शाळा १३८२ मध्ये स्थापन झाली ती सत्तर गरीब विद्यार्थ्यांसाठी. सहाव्या हेन्री राजाने १४४० मध्ये ईटनची स्थापना केली, तीही सत्तर गरीब मुलांना मोफत शिकता यावे म्हणून. या शाळांना ‘पब्लिक स्कूल’ म्हणण्याची प्रथा पडली, कारण सरदारांच्या घरी चालणाऱ्या खासगी शिकवणीप्रमाणे त्या एका घराण्यापुरत्या नव्हत्या, कोठल्याही गावचा मुलगा तेथे येऊ शकत असे. पुढे संस्थेचा खर्च भागावा म्हणून फी भरणारी मुले घेतली जाऊ लागली. ती वाढत गेली आणि कालांतराने शाळा त्यांचीच झाली. ईटनमध्ये राजाच्या नावाचे सत्तर विद्यार्थी आजही आहेत. मात्र शाळेची वर्षाची फी करासह साठ हजार पौंडांच्या वर गेली आहे. याला अपवादही आहेत. १५५२ मध्ये लंडनमधील निराधार मुलांसाठी निघालेली ‘ख्राईस्ट्स हॉस्पिटल’ ही शाळा १९०२ मध्ये ससेक्समधील हॉर्शमजवळ गेली आणि तिने गरजू मुलांना फीत मदत देण्याची परंपरा बऱ्याच अंशी टिकवली. पण तो अपवादच.

गरिबांना बाहेर काढण्याचा ठराव ईटनमध्ये कोणी कधी मांडला नव्हता. वर्षानुवर्षे जमाखर्चाचा मेळ घालताना ते आपोआप घडले. बारामती आणि इंदापूर या पुणे जिल्ह्यातील दोन तालुक्यांच्या संदर्भात ही गोष्ट सांगण्याचे कारण तेच आहे. येथेही वसतिगृहाची कल्पना गरिबांसाठी आली, ती रुजली, फळाला आली आणि आज ती अशाच एका वळणावर उभी आहे.

माधुकरी आणि मुष्टीफंड

शिक्षणासाठी घर सोडलेल्या मुलासमोर पहिला प्रश्न पुस्तकाचा नसतो, जेवणाचा असतो. महाराष्ट्रातील शिक्षणाचा इतिहास या बाजूने फारसा पाहिला जात नाही. पुण्यात शिकायला आलेल्या गरीब ब्राह्मण विद्यार्थ्याला माधुकरी मागता येत असे किंवा सात घरी सात वार लावून जेवता येत असे. ती व्यवस्था मानहानीची होती, तरी व्यवस्था होती. कुणबी, माळी, धनगर, रामोशी, महार, मांग यांच्या मुलाला शहरात असे एकही घर नव्हते. त्याने शिकायचे म्हटले, तर त्याच्या भाकरीची सोय कोणी तरी नव्याने उभी करणे भाग होते. ‘बोर्डिंग’ हा शब्द मराठीत रुळला तो या गरजेतून. ग्रामीण महाराष्ट्रात आजही जुनी माणसे ‘मी बोर्डिंगात शिकलो’ असे सांगतात, तेव्हा त्यांना श्रीमंती अभिप्रेत नसते. दोन वेळच्या जेवणाची कोणी तरी हमी घेतली होती, एवढेच त्यांना सांगायचे असते.

राजर्षी शाहू महाराजांनी १९०१ मध्ये कोल्हापुरात व्हिक्टोरिया मराठा बोर्डिंग सुरू केले. त्याच्या आगेमागे जैन, मुस्लिम, लिंगायत अशा निरनिराळ्या समाजांची वसतिगृहे उभी राहिली. अस्पृश्य मानलेल्या मुलांसाठी १९०८ मध्ये मिस क्लार्क बोर्डिंग निघाले. डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या बहिष्कृत हितकारिणी सभेने १९२५ मध्ये सोलापूरला वसतिगृह उघडले. संस्थेच्या सुरुवातीच्या कामांतच वसतिगृह असावे, यातून बाबासाहेबांनी हा प्रश्न कोणत्या क्रमांकावर ठेवला होता ते दिसते.

या परंपरेला निर्णायक वळण दिले ते कर्मवीर भाऊराव पाटील यांनी. ते स्वतः कोल्हापूरच्या जैन बोर्डिंगात राहिलेले आणि तेथील नियमांशी न पटल्याने बाहेर पडावे लागलेले. १९१९ मध्ये कऱ्हाडजवळच्या काले गावी रयत शिक्षण संस्था स्थापन झाली आणि १९२४ मध्ये साताऱ्यात सर्व जातींच्या मुलांचे एकत्र वसतिगृह सुरू झाले. महात्मा गांधींच्या हस्ते १९२७ मध्ये त्याला छत्रपती शाहू बोर्डिंग हाउस असे नाव मिळाले. या वसतिगृहाचे वेगळेपण त्याच्या स्वयंपाकघरात होते. सगळ्यांची चूल एक आणि पंगत एक. मुलांनीच दळायचे, पाणी भरायचे, शेतात राबायचे. अनुदानाची खात्री नसलेल्या त्या काळात वसतिगृह चालायचे ते मुष्टीफंडावर. घरची बाई जात्यावर बसली की त्यातले मूठभर धान्य वसतिगृहासाठी बाजूला काढी. त्यावरही भागले नाही, तेव्हा लक्ष्मीबाई पाटील यांनी आपले दागिने आणि अखेर मंगळसूत्रही मोडल्याचे प्रसिद्धच आहे. १९४० मध्ये साताऱ्यात महाराजा सयाजीराव हायस्कूल निघाले आणि ‘कमवा आणि शिका’ या तत्त्वाला शाळेचे रूप आले.

त्याच काळात राज्यात दुसऱ्या धर्तीच्या निवासी शाळाही निघत होत्या. पाचगणीच्या थंड हवेतील शाळा, पुण्यातील शिवाजी प्रिपरेटरी मिलिटरी स्कूल, नाशिकचे भोसला मिलिटरी स्कूल यांच्यासमोर कमीअधिक प्रमाणात इंग्लंडचा नमुना होता. स्वातंत्र्यानंतर १९६१ मध्ये साताऱ्याला देशातील पहिले सैनिक स्कूल आले. साठच्या दशकातच राज्य सरकारने ग्रामीण भागातील हुशार मुलांसाठी शासकीय विद्यानिकेतने काढली. १९८० च्या दशकात केंद्राची नवोदय विद्यालये आली, त्यांपैकी अगदी पहिल्या दोहोंतील एक अमरावतीला. श्रीमंतांच्या मुलाला पब्लिक स्कूल मिळते, ते खेड्यातील गुणी मुलाला सरकारने मोफत द्यावे, हा त्यामागचा विचार. मात्र ही दारे परीक्षेने उघडणारी होती. कर्मवीरांच्या वसतिगृहात प्रवेशासाठी हुशारीची अट नव्हती, गरज पुरेशी होती. हा फरक पुढील विवेचनासाठी महत्त्वाचा आहे.

कालवा आणि जिरायत

बारामती-इंदापूरचे आजचे रूप कालव्याने घडवले. नीरा डावा कालवा १८७६-७७ च्या दुष्काळाच्या पार्श्वभूमीवर हाती घेतला गेला आणि १८८५ मध्ये त्यातून पाणी सुटले. पुढे १९१४ मध्ये दौंड-बारामती ही अरुंद मापाची रेल्वे सुरू झाली आणि येथला गूळ बाहेरच्या बाजारात जाऊ लागला. कवी मोरोपंतांचे गाव म्हणून ओळखली जाणारी बारामती ऊस आणि गुळाची पेठ बनली. पेशवाईत बाबूजी नाईकांच्या वाड्याच्या आश्रयाने विद्येला अन्न मिळाले होते. आता तशा आश्रयाचे सामर्थ्य उसात येऊ लागले.

तथापि कालव्याने पाणी दिले तसे तालुक्याचे दोन भागही पाडले. कालव्याखालचा बागायती पट्टा आणि वरचा जिरायती पट्टा यांच्यात पाऊस सारखाच, पण नशीब निराळे. बागायतदाराच्या मुलाच्या वाटेवर शाळा आली, रस्ता आला, पुढे सायकलही आली. जिरायती गावातील मुलाने चौथी पूर्ण केली की पुढची शाळा अनेक मैलांवर. एसटी नव्हती आणि चालत जाऊन येण्याजोगे ते अंतर नव्हते. बारामती किंवा इंदापूर गावात नातेवाईक असला तर ठीक, नाही तर शिक्षण तेथेच संपे. दोन्ही तालुक्यांतील वसतिगृहांची खरी मागणी या जिरायती गावांतून आली.

मुलींसाठी तर हा प्रश्न आणखी बिकट होता. शारदाबाई पवार यांचे शिक्षण पुण्याच्या सेवासदनात झाले होते. मूळच्या कोल्हापूरकडच्या या मुलीला पुण्यात शिकता आले, म्हणूनच लग्नानंतर काटेवाडी-बारामती परिसरात सार्वजनिक कामाला आवश्यक तो आत्मविश्वास तिच्या ठायी होता. १९३८ मध्ये त्या पुणे जिल्हा लोकल बोर्डावर निवडून आल्या. घरापासून दूर, सुरक्षित जागी राहून शिकण्याची सोय एका मुलीला मिळाली, तर तिचा लाभ एका घरापुरता उरत नाही, याचे हे ठळक उदाहरण. माळेगावजवळच्या शारदानगर या शैक्षणिक परिसराला त्यांचे नाव आहे आणि मुलींच्या शिक्षणाचे केंद्र म्हणून तो ओळखला जातो, हे उचितच आहे.

टनामागची कपात

इंदापूर तालुक्यात कळंबच्या माळावर १९३० च्या दशकात वालचंद हिराचंद यांनी साखर कारखाना उभारला आणि वालचंदनगर वसले. कारखान्याबरोबर वसाहत आली, दवाखाना आला, शाळा आली. कामगार आणि अधिकारी यांच्या मुलांसाठी उद्योगाने शाळा चालवायची, हा येथला पहिला मोठा प्रयोग. मात्र ती मालकाची शाळा होती. शेतकऱ्याची जमीन खंडाने कारखान्याकडे गेली होती आणि शाळेच्या कारभारात त्याला आवाज नव्हता.

१९५० आणि ६० च्या दशकांत चित्र बदलले. माळेगाव, भवानीनगर, सोमेश्वर येथे सहकारी कारखाने उभे राहिले आणि शेतकरीच मालक झाला. सहकारी कारखान्याने महाराष्ट्राच्या ग्रामीण शिक्षणाला दिलेली सर्वांत मोठी देणगी कोणती असेल, तर ती उसाच्या बिलातून होणारी टनामागची कपात. सभासदाच्या उसाच्या दरातून काही पैसे शिक्षणाच्या कामासाठी कापले जात आणि त्यातून शाळा, महाविद्यालये, वसतिगृहे उभी राहत. मुष्टीफंडाचेच हे नवे रूप होते. जात्यावरची मूठ कारखान्याच्या वजनकाट्यावर आली, एवढाच काय तो फरक. यात सक्ती होती आणि कारखान्याच्या राजकारणाची सावलीही होती. कपातीच्या हिशेबावरून वार्षिक सभा गाजत, त्या उगाच नव्हे. पण जो पैसा देई त्याचेच मूल तेथे शिके, त्यामुळे हिशेब मागण्याचा अधिकारही त्याच्याकडे राही. सोमेश्वरनगरचे मुगुटराव साहेबराव काकडे महाविद्यालय किंवा माळेगावचे शिवनगर विद्या प्रसारक मंडळ यांसारख्या संस्था कारखान्याच्या परिसरात वाढल्या, हा योगायोग नाही.

शहरी बाजूनेही प्रयत्न झाले. बारामतीच्या व्यापारी वर्गाच्या पुढाकाराने अनेकान्त एज्युकेशन सोसायटी उभी राहिली आणि १९६२ मध्ये तुळजाराम चतुरचंद महाविद्यालय निघाले. गावातच पदवीपर्यंतची सोय झाल्याने जिरायती भागातील मुलाला पुण्याऐवजी बारामतीत खोली घेऊन शिकणे शक्य झाले. साठच्या दशकाच्या उत्तरार्धापासून १९७२ पर्यंत दुष्काळाचे दिवस होते. ख्रिस्ती सेवासंस्थांकडून मिळालेल्या धान्याच्या मोबदल्यात पाझर तलावांची कामे झाली. त्या अनुभवातून १९७१ मध्ये अप्पासाहेब पवार यांच्या पुढाकाराने कृषी विकास प्रतिष्ठान स्थापन झाले आणि १९७२ मध्ये शरद पवार यांच्या पुढाकाराने विद्या प्रतिष्ठान. दुष्काळाच्या ऐन काळात शेती आणि शिक्षण यांच्या संस्था पाठोपाठ निघाव्यात, यात एक सूत्र आहे. पाणी अडवले तरी सगळ्यांना शेती पुरणार नाही, काहींना शिकून बाहेर पडावे लागेल, हे तेव्हाच्या धुरिणांनी ओळखले होते.

अनुदान संपले, फी आली

पुढचे वळण राज्याच्या धोरणाने आणले. वसंतदादा पाटील मुख्यमंत्री असताना १९८३ मध्ये विनाअनुदानित अभियांत्रिकी महाविद्यालयांना परवानगी मिळाली. सरकारकडे पैसा नव्हता आणि बाहेरच्या राज्यांत देणगी भरून जाणारी मुले येथेच शिकावीत, हा हेतू. २००१ मध्ये शाळांच्या बाबतीत ‘कायम विनाअनुदानित’ हे धोरण आले. त्यातील ‘कायम’ हा शब्द २००९ मध्ये वगळला गेला. पण २०१२ च्या स्वयंअर्थसहाय्यित शाळा कायद्याने फीवर चालणाऱ्या शाळेला स्वतंत्र मार्ग मोकळा करून दिला. आज नवी शाळा काढायची तर बव्हंशी याच मार्गाने.

बारामती-इंदापूरमध्ये याचे परिणाम डोळ्यांना दिसतात. एमआयडीसी, विद्यानगरी, अभियांत्रिकी आणि औषधनिर्माणशास्त्राची महाविद्यालये, शासकीय वैद्यकीय महाविद्यालय, इंग्रजी माध्यमाच्या शाळा, नीट-जेईईच्या तयारीसाठी निघालेल्या निवासी अकादम्या. तालुक्याबाहेरून, किंबहुना जिल्ह्याबाहेरून मुले येथे राहायला येतात. गुणवत्तेच्या दृष्टीने ही प्रगतीच आहे, ती नाकारण्यात अर्थ नाही. ज्या बागायतदाराच्या आजोबांनी टनामागे कपात सोसून शाळा उभी केली, त्याची नात आज फी भरून चांगल्या निवासी शाळेत शिकते, यात वाईट काहीच नाही. आजोबांनी कपात सोसली ती याचसाठी.

परंतु ‘बोर्डिंग’ या शब्दाचा अर्थ या प्रवासात बदलला. पूर्वी ज्याला घरी राहून शिकणे परवडत नसे, तो बोर्डिंगात जाई. आता ज्याला परवडते, तो जातो. विंचेस्टर आणि ईटन यांना या वळणावर पोहोचायला काही शतके लागली. नीराकाठी ते दोन-तीन पिढ्यांत घडले.

कोपीतले मूल

१९२४ मध्ये साताऱ्याच्या वसतिगृहात आलेल्या मुलाच्या जागी आज कोण आहे, असा प्रश्न स्वतःला विचारला, तर त्याचे उत्तर शोधण्यासाठी फार दूर जावे लागत नाही. ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये कारखान्याच्या गव्हाणीत मोळी पडते आणि बीड, अहिल्यानगर, जालना, धाराशिव या जिल्ह्यांतून ऊसतोड मजुरांच्या टोळ्या या पट्ट्यात उतरतात. नवरा-बायको मिळून एक कोयता. मुकादमाकडून घेतलेली उचल फेडायची असल्याने दोघांनीही फडात राबणे अटळ. ऊस, पाचट आणि प्लास्टिकच्या कागदाची कोपी उभी राहते आणि तिच्यात धाकट्या भावंडाला सांभाळत मोठी बहीण बसते. ती गावाकडे तिसरीत किंवा सहावीत असते आणि एप्रिलपर्यंत शाळेपासून तुटलेली असते. कोपीपासून एक-दोन किलोमीटरवर नामांकित शाळेची पिवळी बस जाते. दोघींच्या मध्ये उसाचा फड असतो. तो एकीच्या वडिलांच्या मालकीचा आणि दुसरीच्या वडिलांच्या कोयत्याखालचा.

सरकारने या मुलांसाठी काहीच केले नाही, असे म्हणता येणार नाही. या शतकाच्या आरंभी साखरशाळांचा प्रयोग झाला. काही ठिकाणी तो चांगला चालला. पण शिक्षक, अनुदान आणि हंगाम यांचा मेळ न बसल्याने तो टिकाऊ झाला नाही. नंतर शिक्षण हमी पत्रक आले. गावची शाळा सोडताना मुलाने ते घ्यायचे आणि मुक्कामाच्या गावच्या शाळेत दाखवायचे. पण ज्या कुटुंबाचा तळ महिन्या-दीड महिन्यात हलतो, त्याच्या मुलाने ते पत्रक किती शाळांत दाखवायचे? मूळ गावी हंगामी वसतिगृहांची योजना आहे. आईवडील गेल्यावर मुलाने आजी-आजोबांकडे किंवा शाळेच्या आधाराने राहावे, ही तिची कल्पना. २०२१ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने संत भगवानबाबा यांच्या नावाने ४१ तालुक्यांत मुला-मुलींसाठी ८२ शासकीय वसतिगृहे उघडण्याचा निर्णय घेतला. ऊसतोड कामगार महामंडळासाठी कारखान्यांकडून प्रतिटन दहा रुपये घेण्याचीही तरतूद झाली. टनामागची कपात पुन्हा एकदा आली आणि ती योग्य दिशेने आली.

तथापि हा सारा विचार मजुरांच्या मूळ तालुक्यांभोवती फिरतो. ज्या पट्ट्यात त्यांचा ऊस गाळला जातो आणि जेथील संस्थांची इमारत त्याच उसाच्या पैशावर उभी आहे, त्या पट्ट्याची जबाबदारी कोणती, हा प्रश्न कोणी फारसा विचारत नाही. शिक्षण हक्क कायद्यातील पंचवीस टक्के जागांचाही येथे उपयोग होत नाही. तो प्रवेश पहिल्या पायरीला मिळतो, घर आणि शाळा यांच्यातील अंतरावर ठरतो आणि त्यात वसतिगृहाच्या खर्चाचा विचार नाही. ज्याचे घरच सहा महिने फिरते, त्याचे अंतर मोजायचे कोठून? राज्य सरकारने फेब्रुवारी २०२४ मध्ये, जवळपास सरकारी वा अनुदानित शाळा असल्यास खासगी शाळांना या जागांतून सूट देऊ केली होती. मुंबई उच्च न्यायालयाने ती त्याच वर्षी जुलैमध्ये रद्द ठरवली. न्यायालयाने दार बंद होऊ दिले नाही, हे खरे. पण फिरत्या कुटुंबासाठी ते कधी उघडलेच नव्हते.

खाटांचा हिशेब

यावर उपाय सुचवण्यापूर्वी एका कायदेशीर वस्तुस्थितीकडे लक्ष वेधायला हवे. इंग्लंडमधील निवासी शाळांप्रमाणेच आपल्याकडील बहुतेक शिक्षण संस्थाही धर्मादाय आहेत. सार्वजनिक विश्वस्त व्यवस्थेच्या १९५० च्या कायद्याखाली त्यांची नोंदणी होते आणि त्या नात्याने त्यांना करात सवलती मिळतात. कित्येकांना शासकीय जमीनही नाममात्र मोबदल्यात मिळालेली असते. याच कायद्याखालील धर्मादाय रुग्णालयांना दहा टक्के खाटा निर्धन रुग्णांसाठी मोफत आणि दहा टक्के खाटा दुर्बल घटकांसाठी सवलतीच्या दरात राखून ठेवाव्या लागतात. मुंबई उच्च न्यायालयाने २००६ मध्ये त्यासाठी योजना ठरवून दिली. तिच्या अंमलबजावणीबद्दल तक्रारी आहेत, पण तत्त्व मान्य झाले आहे. धर्मादाय रुग्णालयातील खाट जर गरिबासाठी राखून ठेवता येते, तर धर्मादाय शाळेच्या वसतिगृहातील खाट का नाही?

ऊसपट्ट्यातील निवासी शाळांनी आपल्या वसतिगृहांतील दहा टक्के खाटा तोडणी मजुरांच्या मुलांसाठी ठेवाव्यात, जेवणाचा खर्च महामंडळाच्या प्रतिटन निधीतून भागवावा आणि शिकवणीचा भार संस्थेने उचलावा, अशी योजना कागदावर तरी अशक्य नाही. तिच्यावरचे आक्षेप मात्र गंभीर आहेत आणि त्यांना उत्तर द्यायला हवे.

पहिला आक्षेप असा, की लहान मुलाला आईपासून तोडणे क्रूरपणाचे आहे. तो रास्त आहे. इंग्लंडमध्येही सात-आठ वर्षांच्या मुलांना निवासी शाळेत धाडण्याच्या प्रथेवर पुढे मोठी होऊन तीच मुले कठोरपणे लिहीत आली आहेत. आपल्या आदिवासी आश्रमशाळांचा अनुभवही वसतिगृह म्हणजे आपोआप कल्याण, असे मानू देत नाही. म्हणून ही सोय पाचवीच्या पुढील मुलांसाठीच हवी. त्याहून लहानांसाठी तळाजवळची जिल्हा परिषदेची शाळा आणि पाळणाघर हेच योग्य. मात्र ऊसपट्ट्यातील वसतिगृहाचा एक फायदा ध्यानात घ्यायला हवा. मूल बीडच्या वसतिगृहात राहिले तर हंगामाचे सहा महिने आईवडील त्याच्यापासून शेकडो किलोमीटर दूर असतात. ते बारामतीत राहिले तर त्याच सहा महिन्यांत ते हाकेच्या अंतरावर असतात आणि उन्हाळ्याच्या सुटीत मूल त्यांच्याबरोबर गावी जाते. कोणते वसतिगृह बरे, हे सरकारने ठरवू नये. दोन्ही असावीत आणि निवड आईवडिलांची असावी.

दुसरा आक्षेप माध्यमाचा आणि वातावरणाचा. इंग्रजी माध्यमाच्या शाळेत, चारचाकीतून येणाऱ्या मुलांमध्ये, कोपीतून आलेले मूल बुजेल. बुजेल हे खरे. म्हणूनच सुरुवात मराठी माध्यमाच्या अनुदानित शाळांच्या वसतिगृहांपासून व्हावी. पण एकत्र जेवणाची पंगत हा यावरचा जुना आणि आजमावलेला उपाय आहे. त्या काळी ब्राह्मण, मराठा, महार, जैन मुलांना एका चुलीभोवती बसवणे आजच्यापेक्षा कितीतरी कठीण होते. ते झाले.

तिसरा आक्षेप व्यवहाराचा. तोडणी यंत्रे येत आहेत, काही वर्षांत टोळ्याच उरणार नाहीत, मग योजना कशाला? यंत्रे येत आहेत, हे निश्चित. पण लहान तुकड्यांच्या शेतात ती सहज चालत नाहीत आणि बदल व्हायला वेळ लागेल. शिवाय यंत्राने कोयता हिरावल्यावर या कुटुंबांच्या हाती दुसरे काय असेल? शिकलेले मूल हीच त्यांची एकमेव तजवीज असेल. यंत्रांचा वेग वाढणार असेल, तर शिक्षणाची घाई अधिकच करायला हवी.

चौथा आक्षेप सहसा उघड बोलला जात नाही. फी भरणाऱ्या पालकांना हे आवडणार नाही. इंग्लंडमधील शाळांनी पाच शतके हाच विचार केला आणि अखेर सरकारने कराचा बडगा उगारला. लंडनच्या न्यायालयात जी कैफियत त्यांना मांडावी लागली, ती टाळायची असेल तर आपल्या संस्थांनी कायद्याची वाट पाहू नये. या पट्ट्यातील संस्थाचालकांना तर राज्याच्या राजकारणात नेहमीच वजन राहिले आहे. त्यांनी स्वतःहून सुरुवात केली, तर ती इतर जिल्ह्यांत पोहोचायला वेळ लागणार नाही.

पहिले पाऊल फार खर्चाचे नाही. हंगामाआधी कारखाना मुकादमाशी करार करतो. त्यात कोयत्यांची संख्या असते, उचलीचा आकडा असतो, गाड्यांची नोंद असते. सोबत येणाऱ्या मुलांचा रकाना त्यात नसतो. प्रत्येक मुलाचे वय, इयत्ता आणि मूळ शाळा त्या करारात लिहिली गेली, तर किती खाटा लागतील याचा हिशेब बॉयलर पेटण्यापूर्वीच हाती येईल. टनामागच्या कपातीचा हिशेब वार्षिक सभेत मागणाऱ्या सभासदांनी येत्या सभेत या रकान्याचीही मागणी करावी.